गृहकर्जाचा खरा आकडा काढताना : माझा अनुभव

मंजुरीपत्र हातात आलं की नजर आधी दोनच ठिकाणी जाते, व्याजाचा दर आणि महिन्याचा हप्ता. माझीही तिथेच गेली. ४० लाख रुपये, साडेआठ टक्के, वीस वर्षं, हप्ता ३४,७१३ रुपये. आकडे सगळे खरे, पण या कर्जापायी खिशातून एकूण किती जाणार, हे त्यांतला एकही सांगत नाही. त्यासाठी हप्त्याला २४० ने गुणायचं. उत्तर येतं ८३ लाख ३१ हजार, म्हणजे मुद्दल ४० लाख आणि व्याज ४३ लाख ३१ हजार. तेही वीस वर्षांत दर जागचा हलला नाही तर, आणि फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराच्या, कर्जाचा दर हलणारच. म्हणून हा आकडा कर्ज घेताना एकदा काढून भागत नाही. कर्ज चालू असेपर्यंत तो पुन्हा पुन्हा काढावा लागतो. ते कसं करायचं आणि कुठे चुकतं, ते इथे सांगतो आहे. तुलना सोपी जावी म्हणून वेगळं म्हटलेलं नसेल तिथे हेच कर्ज धरलं आहे.

सुरुवात कागदांपासून. १ ऑक्टोबर २०२४ नंतर मंजूर झालेल्या प्रत्येक किरकोळ कर्जासोबत बँकेने ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ द्यायचं, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. त्यात ‘एपीआर’ नावाचा एक दर असतो. जाहिरातीतला दर फक्त व्याजाचा असतो. एपीआरमध्ये प्रोसेसिंग फी आणि बँकेमार्फत वसूल होणारे कायदेशीर तपासणी, मूल्यांकन, विमा असे खर्चही मिसळलेले असतात. दोन बँकांची तुलना करायची तर हे दोन एपीआर शेजारी ठेवून करा. या कागदात नसलेलं शुल्क पुढे तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही, म्हणून तो सही करण्याआधी मागून घ्या आणि जपून ठेवा. परतफेडीचा तक्ताही, म्हणजे दर हप्त्यातलं व्याज, मुद्दल आणि उरलेली बाकी दाखवणारा कागद, त्याच्यासोबतच येतो.

प्रोसेसिंग फीवर १८ टक्के जीएसटी लागतो, हे तोंडी बोलण्यात राहून जातं. ०.३५ टक्के फी म्हटली की १४,००० डोळ्यांसमोर येतात, प्रत्यक्षात कापले जातात १६,५२०. पण हा एकदाचा खर्च. कर्जात मिसळलेल्या विम्याचं तसं नसतं. कर्ज मंजूर होताना ‘कर्जाला संरक्षण’ म्हणून एकरकमी हप्त्याची आयुर्विमा पॉलिसी पुढे केली जाते आणि ‘वेगळे पैसे भरायची गरज नाही, कर्जातच टाकतो’ असं सांगितलं जातं. समजा तिचा हप्ता १ लाख २० हजार आहे. तो कर्जात गेला की त्यावरही साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षं व्याज चालू. महिन्याचा ईएमआय १,०४१ रुपयांनी वाढतो आणि शेवटपर्यंत त्या पॉलिसीचे २ लाख ५० हजार जातात. आयुर्विमा घेणं ही गृहकर्जाची कायदेशीर अट नाही. घरात कमावणारं एकच माणूस असेल तर विमा हवाच, पण साधी मुदत विमा पॉलिसी स्वतंत्र काढावी आणि तिचा हप्ता दरवर्षी खिशातून भरावा. कर्जाला जोडलेल्या पॉलिसीत आणखी एक अडचण आहे. तिचं संरक्षण बहुतेक वेळा मूळ तक्त्यानुसार दरवर्षी कमी होत जातं. दर वाढून कर्जाची मुदत लांबली, तर बाकी तक्त्यापेक्षा जास्त राहते आणि विमा मात्र आधीच्याच वेगाने घटतो. कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तर पॉलिसीचं काय होणार, हेही आधीच लेखी विचारून ठेवायला हवं.

हातातून किती पैसे द्यावे लागणार, हाही हिशोब इथेच उरकून घ्यावा. ३० लाखांपर्यंतच्या कर्जाला घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत, ३० ते ७५ लाखांच्या कर्जाला ८० टक्क्यांपर्यंत आणि त्यापुढे ७५ टक्क्यांपर्यंतच बँक देऊ शकते. १० लाखांवरच्या घरांसाठी ही किंमत धरताना मुद्रांक शुल्क आणि नोंदणीचा खर्च त्यात मिळवता येत नाही. म्हणजे ५० लाखांच्या घराला ४० लाख कर्ज, १० लाख आपले, आणि मुद्रांक शुल्क, नोंदणी, सोसायटीची रक्कम हे सगळं त्यावर. ही तूट भरायला वैयक्तिक कर्ज काढलं, तर घराचा एक भाग गृहकर्जाच्या दराने आणि दुसरा त्याहून बऱ्याच चढ्या दराने घेतला असा अर्थ होतो. असं करण्यापेक्षा घर वर्षभर पुढे ढकललेलं बरं, असं माझं स्पष्ट मत आहे.

आता तक्ता. बँकेचा तक्ता मिळाला तरी एकदा स्वतः तयार करावा, कारण पुढे दर बदलला की नवा लागतो. स्प्रेडशीटमध्ये पाच रकाने पुरतात: हप्त्याचा क्रमांक, महिन्याच्या सुरुवातीची बाकी, त्या महिन्याचं व्याज, मुद्दलात गेलेली रक्कम, महिनाअखेरची बाकी. व्याज म्हणजे बाकी गुणिले दर भागिले १,२००. हप्त्यातून व्याज वजा केलं की मुद्दल. बाकीतून मुद्दल वजा केलं की पुढच्या ओळीची सुरुवात. पहिल्या ओळीत व्याज २८,३३३ आणि मुद्दल ६,३८० येतं. ही ओळ २४० वेळा खाली ओढली की शेवटी बाकी शून्यावर यायला हवी. आली नाही तर बहुधा हप्ता चुकीचा टाकला आहे किंवा दराला १२ ने भागायचं राहिलं आहे. बँक रोजच्या बाकीवर व्याज मोजत असेल तर ३० आणि ३१ दिवसांच्या महिन्यांत थोडा फरक दिसेल. तो चालतो. शेकड्यांत फरक दिसला तर विचारायचं.

तक्ता समोर आला की पहिली पाच वर्षं नीट बघा. पहिल्या वर्षी ४ लाख १६ हजार भरले जातात, मुद्दल फिटतं ७९,६०९ रुपये. पाच वर्षांत २० लाख ८३ हजार भरून मुद्दलातले ४ लाख ७५ हजार गेलेले असतात. दहा वर्षं पूर्ण होतात तेव्हा मुदत अर्धी सरलेली असते आणि बाकी असते २८ लाख, म्हणजे फिटलेलं मुद्दल जेमतेम ३० टक्के. हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दल जास्त जायला लागतं ते १४३ व्या हप्त्याला, बारावं वर्ष संपता संपता.

इथे एक गैरसमज हमखास होतो: ‘बँक सुरुवातीला व्याज कापून घेते आणि मुद्दल मागे ठेवते.’ तसं काही नसतं. त्या महिन्यात जेवढी बाकी आहे तेवढ्यावरच व्याज लागतं. सुरुवातीला बाकी मोठी असते म्हणून व्याज मोठं आणि हप्ता कायम असल्यामुळे उरलेलं मुद्दल छोटं. हे एकदा पटलं की तक्त्यातली एक गोष्ट लक्षात येते, जी मला या सगळ्या हिशोबात सर्वांत उपयोगी वाटते. साडेआठ टक्क्यांना व्याज आणि मुद्दल समसमान होण्याची जागा नेहमी शेवटून ९८ व्या हप्त्याच्या आसपास येते, मग कर्ज कितीही वर्षांचं असो. तीस वर्षांचं घेतलं तर २६३ व्या हप्त्यापासून, म्हणजे जवळपास बावीस वर्षांनी मुद्दल वरचढ होतं. मुदत वाढवली की वाढतात ती सुरुवातीची वर्षं, जिथे हप्त्यातला मोठा भाग व्याजातच जिरतो.

हेच आकड्यांत बघा. ४० लाख, साडेआठ टक्के. पंधरा वर्षांना हप्ता ३९,३९०, एकूण व्याज ३० लाख ९० हजार. वीस वर्षांना हप्ता ३४,७१३, व्याज ४३ लाख ३१ हजार. तीस वर्षांना हप्ता ३०,७५७, व्याज ७० लाख ७२ हजार. वीसवरून तीसवर गेलं की महिन्याला ३,९५६ रुपये हलके होतात आणि व्याज २७ लाख ४१ हजारांनी वाढतं. वीसवरून पंधरावर आलं की महिन्याला ४,६७७ जास्त आणि व्याज १२ लाख ४१ हजार कमी. मुदत वाढवून मिळणारी सवलत वर्षागणिक लहान होत जाते, कारण हप्ता व्याजाच्या खाली जाऊच शकत नाही. या कर्जाचं महिन्याचं व्याजच २८,३३३ आहे. तीस वर्षांच्या हप्त्यात मुद्दलासाठी सुरुवातीला फक्त २,४२३ रुपये उरतात.

एकूण व्याजाचा आकडा बघून घाबरण्याआधी त्याची दुसरी बाजूही सांगायला हवी. विसाव्या वर्षीचे ३४,७१३ रुपये म्हणजे आजचे ३४,७१३ नव्हेत. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर ते आजच्या हिशोबात सुमारे १३,००० होतात. हप्ता तोच राहतो, पगार वाढतो, ओझं हलकं होत जातं. म्हणून ‘घर दुप्पट किमतीला पडलं’ हे वाक्य पूर्ण खरं नाही. पण हा दिलासा ज्याचा हप्ता आणि मुदत दोन्ही जागेवर आहेत त्यालाच मिळतो. मुदत हळूच लांबत असेल तर महागाईने हलकं केलेलं ओझं वाढलेल्या वर्षांच्या रूपाने परत येतं.

ती लांबते कशी, याकडे सगळ्यांत जास्त लक्ष द्यायला हवं.

१ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली नवी फ्लोटिंग गृहकर्जं रेपो दरासारख्या (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो दर) बाहेरच्या मापदंडाला जोडावी लागतात आणि निदान तीन महिन्यांतून एकदा दर नव्याने ठरवावा लागतो. तुमचा दर म्हणजे रेपो अधिक बँकेचा फरक, ज्याला स्प्रेड म्हणतात. रेपो हलला की दर हलतो. त्याआधीची कर्जं एमसीएलआर किंवा बेस रेट या बँकेने स्वतः काढलेल्या दरांवर असू शकतात, तिथे बदल उशिरा पोहोचतो. गृहवित्त कंपन्यांना हा रेपोशी जोडण्याचा नियम लागू नाही. त्यांचे दर बहुधा त्यांच्या स्वतःच्या मूळ दराला जोडलेले असतात, म्हणून तिथे कर्ज असेल तर मूळ दर कधी आणि किती हलला हे स्वतः विचारत राहावं लागतं.

मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो साडेसहा झाला. या काळात बहुतेक कर्जदारांचा हप्ता फारसा हलला नाही आणि ‘आपल्याला काही फरक पडला नाही’ असं त्यांना वाटलं. फरक मुदतीत पडला होता. माझ्या खात्यातही तसंच झालं, आणि बँकेने ते आपणहून सांगितलं नाही. उरलेल्या हप्त्यांची संख्या विचारल्यावर कळलं.

अर्ध्या टक्क्याची वाढ घ्या. कर्जाच्या सुरुवातीलाच दर साडेआठचा नऊ झाला. पर्याय दोन. हप्ता ३५,९८९ करायचा, म्हणजे महिन्याला १,२७६ जास्त, वीस वर्षांत ३ लाख ६ हजार. किंवा हप्ता ३४,७१३ च ठेवायचा आणि मुदत वाढू द्यायची. मग हप्ते २४० चे २६७ होतात आणि जादा रक्कम जाते ९ लाख ४५ हजार. तिप्पट. दुसरा पर्याय आपोआप निवडला जातो, कारण खात्यातून कापली जाणारी रक्कम बदलत नाही आणि कुणी तक्रार करत नाही.

दर जास्त चढला तर गणितच मोडतं. ७ टक्क्यांनी घेतलेल्या वीस वर्षांच्या ४० लाखांचा हप्ता ३१,०१२ येतो. कर्ज अगदी नवं असताना दर साडेनऊ झाला तर महिन्याचं व्याजच ३१,६६७. पूर्ण हप्ता भरूनही बाकी वाढत जाते. कर्ज एक वर्ष जुनं असेल तर बाकी ३९ लाख ५ हजार आणि महिन्याचं व्याज ३०,९१३ होतं. मुद्दलाला ९९ रुपये उरतात, आणि त्या गतीने कर्ज फिटायला साठ वर्षं लागतील. अशा वेळी बँक हप्ता वाढवतेच, पण तोवरच्या महिन्यांत मुद्दल जागचं हललेलं नसतं.

१८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात रिझर्व्ह बँकेने यावर नियम घातले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, ही निवड कर्जदाराला द्यायची. मुदत वाढवली तरी हप्ता व्याजाला अपुरा पडेल अशी स्थिती येऊ द्यायची नाही. दर तिमाहीला स्टेटमेंट द्यायचं, ज्यात आजवर वसूल झालेलं मुद्दल आणि व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर असेल. हे स्टेटमेंट ॲपमध्ये किंवा ईमेलमध्ये येऊन पडलेलं असतं. त्यातला ‘उरलेले हप्ते’ हा आकडा दर तिमाहीला आपल्या तक्त्याशेजारी लिहायचा. तीन महिन्यांत तो तीनने कमी व्हायला हवा. तो तेवढाच राहिला किंवा वाढला तर त्याच आठवड्यात शाखेला लेखी कळवायचं: ‘मुदत मूळ तारखेलाच संपेल इतका हप्ता वाढवावा.’ फोनवर सांगून भागत नाही, ईमेल किंवा पोच घेतलेला अर्ज हवा. त्यात कर्ज खात्याचा क्रमांक, मूळ शेवटच्या हप्त्याचा महिना आणि नवा दर लिहावा, म्हणजे उत्तर टाळता येत नाही.

दर खाली येतो तेव्हाही लक्ष ठेवायचं. फेब्रुवारी ते जून २०२५ या काळात रेपो साडेसहावरून साडेपाचवर आला. अशा वेळी हप्ता तसाच ठेवून मुदत घटवून घ्यावी. हप्ता कमी केला तर सुटलेले पैसे इकडेतिकडे जातात. हप्ता खरंच जड होत असेल तर गोष्ट वेगळी. आणखी एक तपासायचं ते स्प्रेड. बँक नव्या ग्राहकाला कमी स्प्रेड देते आणि जुन्याचा तसाच राहतो. दोघांनाही रेपो एकच, तरी दर वेगळा. नव्या ग्राहकाचा आजचा दर वेबसाइटवर बघून आपल्या दराशी ताडावा आणि तो लावण्याचा अर्ज द्यावा. बरेचदा थोडं रूपांतर शुल्क घेऊन दर खाली आणून देतात. ते शुल्क किती महिन्यांत वसूल होतं, हे तक्त्यात लगेच दिसतं.

हप्ते पुढे ढकलण्याची सवलत ही मुदत लांबण्याचीच दुसरी वाट. २०२० मध्ये मार्च ते ऑगस्ट अशी सहा महिन्यांची सवलत होती. ज्यांचं उत्पन्नच थांबलं होतं त्यांना ती घ्यावीच लागली आणि त्यात चूक काही नाही. पण पैसे असूनही ‘फुकट मिळतंय’ म्हणून ती घेतली असेल तर किंमत मोठी पडते. आपल्या कर्जात पहिलेच सहा हप्ते थांबवले आणि साचलेलं व्याज बाकीत मिसळलं, तर बाकी १ लाख ७३ हजारांनी वाढते. हप्ता तोच ठेवला तर सहा हप्त्यांच्या विसाव्यासाठी तीस हप्ते जादा भरावे लागतात.

आता पार्ट पेमेंट, म्हणजे हप्त्याशिवाय मुद्दलात भरलेली जादा रक्कम. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून मुदतपूर्व परतफेडीचा दंड घेऊ नये, असं रिझर्व्ह बँकेने बँकांना २०१२ मध्येच सांगितलं. फिक्स्ड दराच्या कर्जात दंडाची अट असू शकते, तिथे करार वाचावा. पहिल्या वर्षाच्या शेवटी १ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे जवळपास १४ हप्ते गळतात. भरलेला लाख वजा जाता ३ लाख ७८ हजार वाचतात. तोच लाख दहा वर्षांनी भरला तर साडेसहा हप्ते गळतात आणि वाचतात १ लाख २९ हजार. यावरून लोक म्हणतात, ‘व्याज तर सुरुवातीलाच देऊन झालं, आता भरून काय उपयोग?’ उपयोग तितकाच असतो. कोणत्याही दिवशी भरलेल्या रुपयावर तुम्हाला वर्षाला साडेआठ टक्के मिळतात, ना जास्त ना कमी. पहिल्या वर्षी भरलेल्या रुपयाला ते मिळवायला एकोणीस वर्षं मिळतात, दहा वर्षांनी भरलेल्याला दहा. म्हणून पार्ट पेमेंटची तुलना नेहमी दराशी करावी. हातातली ठेव कर कापून सहा टक्के देत असेल आणि कर्ज साडेआठचं असेल, तर अडीअडचणीची रक्कम बाजूला ठेवून बाकी कर्जात भरावी. अडीअडचणीची रक्कम मात्र खरोखर बाजूला हवी, निदान सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च. कर्जात भरलेला पैसा अडचणीच्या दिवशी सहज परत मिळत नाही.

एकदम मोठी रक्कम जमत नाही अशांसाठी हप्ता वाढवत नेणं सोपं पडतं. दरवर्षी हप्ता ५ टक्क्यांनी वाढवला, म्हणजे दुसऱ्या वर्षी ३६,४४९, तिसऱ्या वर्षी ३८,२७१, तर वीस वर्षांचं कर्ज बारा वर्षं तीन महिन्यांत संपतं आणि व्याज ४३ लाखांऐवजी साधारण २८ लाख जातं. भरताना एक गोष्ट बघायची. जादा रक्कम मुद्दलात जमा झाली की ‘आगाऊ हप्ता’ म्हणून बाजूला ठेवली? आगाऊ हप्ता म्हणून ठेवली तर व्याज कमी होत नाही. भरल्याच्या दुसऱ्या दिवशी स्टेटमेंटमध्ये मुद्दलाची बाकी तेवढ्याने उतरलेली दिसली पाहिजे. आणि ‘हप्ता कमी करू की मुदत?’ असं विचारलं तर मुदत सांगायची.

कर्ज दुसऱ्या बँकेत नेताना सगळ्यांत मोठी चूक होते ती मुदतीचीच. समजा ३० लाख बाकी आहेत आणि बारा वर्षं उरली आहेत. साडेआठला हप्ता ३३,३०२. दुसरी बँक आठ टक्के देते. बारा वर्षंच ठेवली तर हप्ता ३२,४७४ होतो आणि एकूण १ लाख १९ हजार वाचतात. त्यातून नवी प्रोसेसिंग फी, कायदेशीर तपासणी आणि गहाणाच्या नव्या दस्ताचं मुद्रांक शुल्क वजा करून काय उरतं ते बघायचं. पण बहुतेकदा नवी बँक मुदत पुन्हा वीस वर्षं मांडते. हप्ता २५,०९३ वर येतो, दरही कमी, हप्ताही कमी, सगळे खूश. एकूण भरणा मात्र ४७ लाख ९५ हजारांऐवजी ६० लाख २२ हजार होतो. कमी दराने १२ लाख २७ हजार जास्त.

बांधकाम चालू असलेल्या घरात ‘प्री-ईएमआय’ असतो. बँक टप्प्याटप्प्याने पैसे बिल्डरला देते आणि दिलेल्या रकमेवर फक्त व्याज घेते. मुद्दल एक रुपयानेही फिटत नाही. तीन वर्षं सरासरी २० लाख बाहेर गेलेले धरले तर ५ लाख १० हजार व्याज जातं आणि तक्त्याचा पहिला हप्ता त्यानंतर सुरू होतो. जुन्या करप्रणालीत या आधीच्या व्याजाची वजावट घर पूर्ण झालेल्या वर्षापासून पाच समान भागांत मिळते, पण तीही त्या वर्षाच्या एकूण मर्यादेतच. झेपत असेल तर बँकेला सांगून पहिल्यापासून पूर्ण हप्ता सुरू करता येतो.

करसवलतीबद्दल थोडक्यात. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट आहे. ३० टक्क्यांच्या टप्प्यात, सेससह, जास्तीत जास्त ६२,४०० रुपये वाचतात. पहिल्या वर्षीचं व्याज ३ लाख ३७ हजार आहे, म्हणजे १ लाख ३७ हजारांवर काहीच सवलत नाही. तेराव्या वर्षापासून व्याजच २ लाखांखाली जातं आणि सवलत आटत जाते. नव्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजाची ही वजावट नाही. ‘कर वाचतो म्हणून कर्ज चालू ठेवलं’ असं म्हणणाऱ्यांनी आपण कोणत्या प्रणालीत विवरण भरतो, ते आधी बघावं.

शेवटचा हप्ता भरला तरी काम संपत नाही. बाकी शून्य झाल्याचं स्टेटमेंट आणि ना-देय दाखला घ्यायचा, हप्त्यासाठी दिलेली खात्यावरची सूचना रद्द करायची. कर्ज पूर्ण फिटल्यापासून ३० दिवसांत मूळ कागद परत द्यायला हवेत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यायची, असा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. कागद घेताना कर्ज देतेवेळी मिळालेल्या यादीशी एकेक ताडून घ्यावा: करारनामा, इंडेक्स टू (दस्त नोंदणीचा उतारा), आधीच्या मालकांचे दस्त, शेअर सर्टिफिकेट. मग सोसायटीच्या दफ्तरातली बँकेच्या बोजाची नोंद काढून घ्यायची. जागा किंवा बंगला असेल आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कांत बोजा चढवला असेल, तर तलाठ्याकडे बँकेचं पत्र देऊन तो कमी करून घ्यायचा. गहाणाचा दस्त नोंदवलेला असेल तर तो सोडवल्याची नोंद दुय्यम निबंधकाकडे करायची. सेरसाई या गहाणांच्या केंद्रीय नोंदवहीतली बँकेची नोंद बंद झाल्याचं विचारायचं, आणि महिन्या-दोन महिन्यांनी सिबिलचा अहवाल काढून हे खातं ‘बंद’ दिसतं आहे ना, ते बघायचं.